जांभळं राक्षसपण, गुलाबी तळं

१९९३ च्या ‘डे ऑफ द टेन्टॅकल’ या विनोदी साहसी व्हिडिओ गेममध्ये एका चक्रम शास्त्रज्ञाच्या घरी निव्वळ घाण तयार करणारं यंत्र असतं. त्या यंत्राचं सांडपाणी पिऊन एका जांभळ्या प्राण्याला हात फुटतात आणि तो जग जिंकायला निघतो. उपाय? फिरत्या संडासाच्या टाइम मशीनमधून ‘काल’मध्ये जायचं आणि यंत्र बंद करायचं.

बुलडाणा जिल्ह्यातल्या लोणारला यंत्राचीही गरज पडली नाही. उल्केने खोदलेल्या सरोवरात गावाचं सांडपाणी वर्षानुवर्षं उतरत राहिलं. प्रकरण उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापर्यंत गेलं. जून २०२० मध्ये पाणी गुलाबी झालं, तेव्हा कुठे देशाने डोळे चोळले. (रंग क्षारप्रेमी सूक्ष्मजीवांचा निघाला, सांडपाण्याला तेवढीच क्लीन चिट.) त्याच वर्षी पाणथळ जागांसाठीचा रामसर दर्जाही मिळाला.

लवणासुराला मारायला इथे विष्णू आला, असं पुराण सांगतं. गटारं वळवायला कुठला अवतार यायचा, ते मात्र त्यात दिलेलं नाही.