पाना नही, पासवर्ड लागस

साक्रीहून सुरतेकडे निघालं की दहिवेलच्या पुढे कोंडाईबारीचा घाट लागतो. या घाटाने जितके ट्रक दमवले, तितके मिस्त्री पोसले. अडलेला ड्रायव्हर इंजिनियर शोधत नाही, मिस्त्री शोधतो. शाळा आठवीत सुटलेली, कपड्यांचा मूळ रंग ऑइलने कधीच गिळलेला. पण नुसता आवाज ऐकून सांगणार, ‘तिसरा नोझल गेला.’ आणि तोच गेलेला असणार.

१ एप्रिल २०२० रोजी या कानाची किंमत उतरली. त्या दिवशी गाड्यांच्या धुराच्या नियमांत देश बीएस-४ वरून थेट बीएस-६ वर गेला, पाचवी पायरी गाळून. हवेसाठी बरंच झालं. मोटारसायकलचा कार्बोरेटर गेला, ट्रकला युरियाची टाकी आली. (खताच्या दुकानापुढे रांगेत उभ्या असलेल्या शेतकऱ्याला हे सांगू नका.) या पातळ युरियात भेसळ निघाली किंवा एखादा सेन्सर रुसला, की गाडीतला संगणक इंजिनाची ताकदच आवळतो. मिस्त्री केबिन उचलून बघतो. पंप ठीक, नोझल ठीक, ट्रक धडधाकट, तरी घाट चढेना. अशाच एका मिस्त्रीने हात पुसत निकाल दिला, ‘भाऊ, आते गाडीले पाना नही, पासवर्ड लागस.’

हा पासवर्ड कंपनीच्या तिजोरीत असतो. स्पर्धा आयोगाने ऑगस्ट २०१४ मध्ये १४ मोटार कंपन्यांना मिळून २,५४४ कोटी रुपयांचा दंड ठोठावला होता, तो बाहेरच्या गॅरेजवाल्यांना सुटे भाग आणि दोष शोधायची साधनं देत नाहीत म्हणूनच. प्रकरण अपिलात गेलं. डिसेंबर २०२२ मध्ये सरकारने ‘दुरुस्तीचा हक्क’ नावाचं पोर्टलही काढलं, त्यात वाहनं आहेत. हक्क पोर्टलवर आहे, गाडी घाटात आहे.

मग कौशल्याचं काय? कौशल्याला आपल्याकडे तोटा नाही, निदान फ्लेक्सवर तरी. १९ ऑक्टोबर २०२३ रोजी पंतप्रधानांनी महाराष्ट्रात एका दमात ५११ ग्रामीण कौशल्य विकास केंद्रांचं उद्घाटन केलं. विश्वकर्मा योजनेत दिवसाला ५०० रुपये भत्ता आणि अवजारांसाठी १५ हजार मिळतात. तिच्या यादीत १८ व्यवसाय आहेत. लोहार आहे, न्हावी आहे, हार ओवणारा आहे, होडी बांधणाराही आहे. मोटार मेकॅनिक नाही. साक्रीच्या कान नदीत होडी चालवून दाखवणाऱ्याचा मी स्वतः सत्कार करीन.

त्याआधी, २०१५ साली, पंतप्रधान कौशल्य विकास योजना आली. तिच्यात एक गंमत आहे: आधीच येत असलेल्या कामाचं प्रमाणपत्र. तीस वर्षं इंजिन खोलणाऱ्याला चार दिवस बसवायचं आणि त्याला इंजिन खोलता येतं असा कागद द्यायचा. त्याला जे येत नाही, तो स्कॅनर, ती बॅटरी, ते राहूनच जातं. कॅगने डिसेंबर २०२५ मध्ये संसदेपुढे आलेल्या अहवालात या योजनेचं बोनट उघडलं, तेव्हा ९४ टक्क्यांहून अधिक प्रशिक्षणार्थींच्या बँक खात्याच्या रकान्यात शून्य, ‘नल’ किंवा नुसती कोरी जागा सापडली. हा बिघाड कळायला स्कॅनर लागत नाही.

आणि आता विजेची गाडी. ऑइल बदलायचं नाही, प्लग नाही, क्लच प्लेट नाही. मिस्त्रीची चूल पेटते ती नेमकी या तिन्हींवर. नाशिकच्या मायको सर्कलला ज्या कारखान्याने नाव दिलं, त्याची ख्याती डिझेलच्या नोझलची. बॅटरीच्या गाडीला नोझलच नाही. तिथल्या कायम कामगाराला निदान युनियन आहे आणि शिकवणारी कंपनी आहे. हायवेवरच्या मिस्त्रीला यूट्यूब आहे. पण इलेक्ट्रिक कारमधल्या नारंगी केबलमधून शेकडो व्होल्ट धावतात. आजवर तो जसा हात घालून शिकला, तसा इथे शिकायला गेला तर घरच्यांवर रडायची पाळी येईल.

आयटीआयमध्ये इलेक्ट्रिक वाहनाचा दोन वर्षांचा ट्रेड निघाला आहे. अट दहावी पास. पंचेचाळीस वर्षांच्या माणसाने आधी दहावीला बसायचं, मग पोराच्या वर्गमित्रांबरोबर दोन वर्षं बाकावर, तोवर गॅरेज कोण बघणार? विजेचा मात्र साक्री तालुक्यात दुष्काळ नाही. ब्राह्मणवेलच्या पठारावर पवनचक्क्या फिरतात, शिवाजीनगरला महानिर्मितीचा १२५ मेगावॅटचा सौर प्रकल्प आहे. वीज तालुक्यातली आणि ती गाडी दुरुस्त करायला माणूस बोलवायचा धुळे-नाशिकहून!

तेव्हा कौशल्य विभागाला एवढंच सांगणं. आयटीआयचं वर्कशॉप संध्याकाळी ७ ते ९ उघडं ठेवा. एक स्कॅनर, एक उघडलेली बॅटरी आणि शिकवायला ज्याचे हात काळे झालेत असा एक माणूस द्या. दहावीची अट काढा, अहिराणीत शिकवा. उद्घाटन नाही केलं तरी चालेल.