मोनॅको, मुक्काम पोस्ट परभणी

‘जगात जर्मनी, भारतात परभणी’ असं आमच्याकडे छातीठोकपणे म्हणतात. यात जर्मनी कुठून आली, हे कुणी विचारत नाही आणि कुणी सांगतही नाही. पण युरोपातल्या ज्या देशाचं नाव आमच्या तोंडी रोज असतं, तो मोनॅको. भूमध्य समुद्राकाठचं हे संस्थान जेमतेम दोन चौरस किलोमीटरचं. जिंतूरकडच्या एखाद्या साध्या गावाचं शिवारही त्याहून मोठं भरेल. तिथला जुगारखाना, मोटारींच्या शर्यती आमच्यापर्यंत पोहोचल्या नाहीत. पोहोचला तो खाऱ्या बिस्किटांचा पुडा, तोही विलेपार्ल्याच्या कंपनीचा. १९२९ साली सुरू झालेल्या त्या कारखान्याने गावाचं नाव स्वतःला घेतलं आणि खाऱ्या बिस्किटाला परदेशाचं दिलं.

सोयरिकीच्या बैठकीत या बिस्किटाचा खरा मान. पोह्यांच्या बशीशेजारी ते गोल मांडलेलं असतं. क्रीमवालं बिस्कीट उचललं तर पाहुणा हावरट दिसतो. मोनॅको उचलला तर नुसता सोबत केल्यासारखा दिसतो. फक्त तो चहात बुडवू नये. मीठ चहात उतरतं, आणि घरच्यांना वाटतं साखरेच्या डब्यात गडबड झाली.

पोळीने फुगावं आणि मोनॅकोने फुगू नये, हा भट्टीचा न्याय. त्याच्या अंगावरची भोकं नक्षी म्हणून नसतात. भाजताना आतली वाफ तिथून निघून जाते आणि बिस्कीट चपटं, खुसखुशीत राहतं. मिठाचे दाणे असतात वरच्या अंगाला. म्हणून जाणकार माणूस ते उलटं करून जिभेवर ठेवतो.

थोरल्या पिढीला मात्र हे बिस्कीट कधी पटलं नाही. १९७२ हे साल आमच्याकडे दुष्काळाचं म्हणून ओळखलं जातं. त्याच साली परभणीत कृषी विद्यापीठ आलं आणि त्याच साली बाजारात त्याच कंपनीचं क्रॅकजॅक बिस्कीट आलं, धड गोड नाही, धड खारं नाही असं. पण रोजगार हमीच्या खडीवर राबून सुकडी खाल्लेल्या माणसाला एवढ्याशा चकतीने काय होणार? ‘दाढ तरी ओली होती का याने?’ असं म्हणून आजोबा पुडा नातवाकडे सरकवायचे.

नातवाने तो वाया घालवला नाही. मुंबईकडे मोनॅकोवर चीज न् टोमॅटो ठेवतात. इथे आधी कांदा आणि शेव आली, मग कारळाची चटणी, मग हिरव्या मिरचीचा ठेचा. ज्वारीच्या मुलखात, जिथे ‘परभणी मोती’ नावाचं ज्वारीचं वाणच निघालं, तिथे दुसरं काय होणार? ठेचा लावलेला मोनॅको म्हणजे एका घासाची भाकरीच की. माझ्या मते त्याचं हेच रूप सगळ्यांत चांगलं, कंपनीने पाकिटावर काहीही छापो.

एक सूचना तेवढी ऐका. मे महिन्यात पारा चव्वेचाळीसवर असताना पुडा उघडा राहिला तरी हरकत नाही. श्रावणात तो तासाभरात सादळतो. सादळला तर टाकू नका, कोरड्या तव्यावर मंद आचेवर शेका. आणि ठेचा लावल्यावर गप्पा मारत बसू नका. लगेच खा, नाहीतर तो मऊ पडेल.