नुसतं कालीन

पुतणीचा डब्लिनहून फोन आला की तो स्पीकरवर टाकायचा आणि सगळ्यांनी एकदम बोलायचं, ही आमच्या घरची रीत. त्या दिवशी मात्र सगळे एकदम गप्प झाले. ती म्हणाली, "मुलगी आहे. इथं आधी सांगतात. आणि नावही ठरलंय. कॉलीन."

भाऊ निवृत्त इतिहासशिक्षक. त्यानं चष्मा कपाळावर चढवला. "शिवकालीन ऐकलंय, पेशवेकालीन ऐकलंय. नुसतं कालीन? अलीकडचं अर्धं कुठं सांडलं?"

वहिनी हिंदी मालिका बघणारी. तिनं विचारलं, "कालीन म्हणजे गालिचाच ना गं?"

"बाबा, आयरिश नाव आहे. इथं जन्मणार, तर इथलं काहीतरी नको का?"

चार दिवसांनी पुन्हा फोन. आवाज जरा उतरलेला. ऑफिसातल्या आयरिश मैत्रिणीला नाव सांगितलं, तर ती आधी हसली आणि मग, त्या लोकांच्या स्वभावाप्रमाणे, हसल्याबद्दल माफी मागत बसली. आयरिश भाषेत 'कॅलीन' म्हणजे मुलगी. इंग्रजांनी ऐकलं तसं लिहिलं आणि झालं कॉलीन. तिथल्या शाळांत मुलींच्या स्वच्छतागृहाच्या दारावर याच शब्दाचं अनेकवचन लिहिलेलं असतं. "म्हणजे उद्या बालवाडीत बाईंनी हाक मारली," पुतणी म्हणाली, "तर अर्धा वर्ग ओ देईल."

मला मात्र त्या शब्दानं धरून ठेवलं. तो पाहायला गेलो तर मजेदारच निघाला. 'कॅल' म्हणजे साधीसुधी, खेड्यातली बाई किंवा पोर, आणि त्याला जोडलेला 'ईन' हा लाडाचा प्रत्यय. आपण चिमणीची चिमुकली करतो, तशातलंच काहीतरी. त्यात आणखी गंमत अशी की आयरिश व्याकरणात हा शब्द पुल्लिंगी आहे! मुलगी पुल्लिंगी. कोल्हापूरच्या पोरी "मी आलो, मी गेलो" म्हणतात तेव्हा पुण्याची माणसं भुवया उंचावतात. त्यांनी एकदा आयर्लंडला जाऊन यावं.

गाव सोडून जगभर फिरणारं हे एकच नाव नव्हे. एरिन घ्या. आयर्लंडला त्यांच्या भाषेत म्हणतात 'एर', पण आधी शब्दयोगी अव्यय आलं की होतं 'एरिन'. म्हणजे चक्क आपलं सामान्यरूप! 'कोकणात'मधला 'त' गाळून मुलीचं नाव 'कोकणा' ठेवावं, तसलं. शाळेत ज्या सामान्यरूपानं माझे मार्क खाल्ले, ते कुणाच्या तरी पाळण्यावर फुलांनी लिहिलं जातं, हे कळल्यावर मला फार बरं वाटलं.

पण साध्या 'मुलगी'चं विशेषनाम झालं कसं? याचा थोडा दोष नाटकवाल्यांकडे जातो. १८१९ साली शॅनन नदीवर एलन हॅन्ली नावाच्या कोवळ्या मुलीचा खून झाला. त्या प्रकरणावरून आधी कादंबरी आली, मग डब्लिनमध्ये जन्मलेल्या डायन बूसिको या नाटककारानं १८६० साली न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर 'द कॉलीन बॉन' आणलं. अर्थ, 'गोरी पोर'. खऱ्या मुलीला कुणी वाचवलं नव्हतं. बूसिकोनं नाटकात तिला बुडता बुडता वाचवलं आणि प्रेक्षक तुटून पडले. लंडनला राणी व्हिक्टोरियासुद्धा ते एकदा बघून थांबली नाही. एलनचं नाव मागे पडलं, 'पोर' गाजली.

मग सिनेमा आला. १८९९ साली अमेरिकेत जन्मलेल्या कॅथलीन मॉरिसनचं नाव थिएटरबाहेरच्या दिव्यांच्या पाटीत मावेना, म्हणून ते छाटून कॉलीन मूर केलं, असं सांगतात. कापलेले केस कपाळावर घेऊन ती १९२३च्या 'फ्लेमिंग यूथ'मध्ये झळकली. तिच्यासारखे केस कापायची लाट आली, आणि नावही त्या लाटेवर बसून निघालं. पुढे अमेरिकेत, ऑस्ट्रेलियात घरोघर कॉलीन झाल्या. 'द थॉर्न बर्ड्स' लिहिणारी कॉलीन मॅकलो ही ऑस्ट्रेलियाचीच. आयर्लंडात मात्र पोरीला 'पोर' असं नाव ठेवणारं सहसा कुणी भेटायचं नाही.

हसू येतं खरं. पण त्या अमेरिकेतल्या आज्यांचा विचार केला की ते जरा ओशाळतं. १८४५ पासून बटाट्याला रोग लागला, आणि पुढच्या काही वर्षांत आयर्लंडात दहा लाखांच्या आसपास माणसं मेली, साधारण तेवढीच बोटीत बसली. त्यातल्या पुष्कळांची घरातली भाषा आयरिश. दोन पिढ्यांत ती सुटली. व्याकरण गेलं, क्रियापदं गेली, शिव्याही गेल्या असतील. म्हाताऱ्या आजीनं न्हाणीघरातून मारलेली हाक तेवढी कुणाच्या कानात राहिली, "अगं पोरी!" नातवंडांना वाटलं, हे नावच असणार. शब्द घरी असतो तोवर कामाला जुंपलेला असतो. घर सुटलं की त्याला देव्हाऱ्यात बसवतात.

आणि आपण तरी कोणत्या तोंडानं हसावं? आमच्या बेबीआत्या पंचाहत्तरीच्या आहेत. त्यांचे मोठे भाऊ बाळकाका, त्यांच्या कवळीचा आवाज दुसऱ्या खोलीत ऐकू येतो. टिळकांचं पाळण्यातलं नाव केशव, पण घरात बाळ म्हणत, तेच टिकलं. साठीला टेकलेल्या या बाळानं १९१६ साली लीग काढली, तेव्हा तिच्यासाठी 'होमरूल' हा शब्द उसना आणला कुठून? आयर्लंडच्या चळवळीतूनच. म्हणजे शब्दांची उसनवारी जुनीच आहे.

शेवटी तोड भावानंच काढली. "आयरिश बाईचं नाव हवं ना? मग निवेदिता ठेव." पुतणी चक्रावली. भाऊ वर्गावर उभा राहिल्यासारखा सुरू झाला. मार्गारेट नोबल, जन्म १८६७, गाव डंगॅनन, परगणा टायरोन. विवेकानंदांनी १८९८ मध्ये दीक्षा देऊन नाव ठेवलं निवेदिता. "बाई त्यांची, नाव आपलं. कुणाला हसायला जागा नाही." पुतणीला पटलं. बारसं व्हिडिओ कॉलवर झालं, आणि 'कुर्रर्र' नेटवर्क गेल्यामुळे दोनदा झालं.

पण आमची आई, म्हणजे बाळाची पणजी, मालवणची. तिला निवेदिता, मार्गारेट कशाचंच सोयरसुतक नाही. नातीनं परदेशात राहण्याची तिला चिंताही नाही. "वराडकरांचो झील थय पंतप्रधान झालो, मगे आमच्या चेडवाक काय कमी?" असा तिचा २०१७ पासूनचा बिनतोड मुद्दा. वराड हे मालवण तालुक्यातलं, म्हणजे लिओ वराडकर तिच्या हिशेबात शेजारीच. रोज संध्याकाळी फोनच्या पडद्याला नाक लावून ती विचारते, "आमचा चेडू जेवला काय?" वहिनी माहेरची पुण्याची. ती दरवेळी दचकते आणि म्हणते, "सासूबाई, जेवला नाही, जेवली." मालवणीत चेडू, म्हणजे मुलगी, नपुंसकलिंगी, जेवला हे त्याचं रीतसर रूप. आयरिश मुलगी पुल्लिंगी, मालवणी मुलगी नपुंसकलिंगी, आणि आमची निवेदिता दोन्हीकडची.

तिच्या शेजारी एक आयरिश आजी राहते. संध्याकाळी ती बाबागाडीशी येते, तेव्हा नेमकी पणजी फोनवर असते. रोज तेच ऐकून तीही आता वाकून विचारते, "हाऊ इज चेडू?" निवेदिता तिच्याकडे बघून हसते, पाळण्यावर नाव उठलं नसलं तरी हाक पोचलेली आहे.

परवा फोन आला तो स्पीकरवर टाकला. शेजारच्या आजीच्या सुनेला दिवस गेलेत. तिला 'चेडू' हे नाव फार गोड वाटतं, मुलगी झाली तर ठेवावं म्हणते, आणि अर्थ विचारते आहे. "काय सांगू, बाबा?"

भावानं चष्मा कपाळावर चढवला, खूप वेळ विचार केला आणि म्हणाला, "सांग, कॉलीन."