घरकोंबड्याचं टाइम मशीन

काही माणसांना लपावं लागत नाही, ती आपसूकच कुणाला दिसत नाहीत. पंगतीत वाढपी त्यांचं पान चुकवून पुढे जातो आणि ही मंडळी वरण मागायचं सोडून मीठ चाखत बसतात. हिरोशी फुजिमोतो याच जातीचे. जन्म १९३३चा, जपानच्या तोयामा प्रांतातल्या ताकाओकाचा. अंगकाठी किरकोळ, बोलणं त्याहून किरकोळ, खेळात आनंदीआनंद. पाचवीत मोतोओ आबिको नावाचा नवा मुलगा वर्गात आला. त्याच्या वहीतली चित्रं बघून फुजिमोतो स्वतःहून त्याच्याशी बोलायला गेले. आयुष्यातलं सगळ्यात मोठं धाडस बहुधा हेच. पुढे ‘फुजिको फुजिओ’ या एकाच टोपणनावाखाली दोघांनी १९८७पर्यंत संसार केला. आबिको गोल्फ खेळायचे, मैफली रंगवायचे. हे घरी जायचे.

शिक्षण संपल्यावर घरच्यांनी रीतसर मिठाईच्या कारखान्यात चिकटवलं. रुजू होतात न होतात तोच यांच्या मनात आलं, यंत्रात हात सापडला तर चित्रं कोण काढणार? दिली नोकरी सोडून. आता गंमत बघा : आबिको वर्तमानपत्रात चांगला स्थिरावला होता. त्याला उठवून १९५४मध्ये टोकियोला नेलं ते या भित्र्या गृहस्थांनी! भित्री माणसं हट्टाला पेटली की शूरांनी बाजूला व्हावं.

टोकियोत ओसामू तेझुका म्हणजे चित्रकथाकारांचं साक्षात दैवत. तोकिवा-सो या लाकडी इमारतीतली त्यांनी सोडलेली खोली या दोघांना मिळाली. साडेचार चटयांची खोली, त्यात दोन टेबलं आणि उरलेल्या जागेत महत्त्वाकांक्षा. कामं येऊ लागली. ‘नाही’ हा शब्द दोघांच्याही तोंडून निघेना, त्यामुळे जो संपादक येईल त्याला होकार. १९५५च्या नववर्षाला दोघं गावी गेले आणि गावाकडची हवा लागताच हात आखडले. संपादकांच्या तारांवर तारा. चित्रं काही वेळेवर गेली नाहीत. परतल्यावर बराच काळ त्यांना कुणी दारात उभं करेना.

माणूस यातून शिकतो म्हणतात. १९६९च्या अखेरीस शोगाकुकान प्रकाशनाच्या मुलांच्या मासिकांत नव्या चित्रकथेची जाहिरात झळकली. टेबलाचा उघडा खण, दचकलेला मुलगा. खणातून काय निघालंय ते मात्र चित्रात नाही. कसं असणार? चित्रकारालाच ठाऊक नव्हतं! ऐन मुदतीला गृहस्थ काय करत होते? भटक्या मांजराच्या पिसवा काढत होते. मग कल्पना सुचवणारं यंत्र असतं तर किती बरं, असा विचार करता करता झोपले. सकाळी बोंबलत उठले आणि धावताना मुलीच्या, पाडली तरी उठून बसणाऱ्या बाहुलीला अडखळले. मांजर अधिक बाहुली बरोबर डोरेमॉन. हे त्यांनीच नंतर एका चित्रकथेत सांगितलंय. थोडं मीठमसाला लावलेलं असेल, पण तो अधिकार त्यांचाच.

आपल्याकडे घराघरांत हिंदी बोलत बसलेला हा निळा बोका मुळात नोबिता नावाच्या एका आळशी मुलाची सोय आहे. नोबिता म्हणजे मीच, असं फुजिमोतो सांगत. पाठांतर नको? पावावर धडा उमटवून खा. चालणं नको? दार उघडा की हवं ते गाव समोर. असल्या गोष्टी काढणारा माणूस मात्र डोक्याला बेरेट, तोंडात पाइप असा ओदाक्यू लाइनच्या लोकलने शिंजुकुला कामाला जाई, कारकुनासारखा. डोरेमॉन सुरुवातीला एकदम सहा मासिकांत चालू झाला, आणि बालवाडीच्या पोराला वेगळी गोष्ट, चौथीच्या पोराला वेगळी. आळसाचं कौतुक करायला इतकं राबावं लागतं!

या सोज्वळ माणसाला आणखी एक खण होता. १९६९मध्येच ‘बिग कॉमिक’ या मोठ्यांच्या मासिकात त्यांनी एका ग्रहाची गोष्ट लिहिली. तिथं गुरं माणसं पाळतात आणि खातात. पृथ्वीवरून आलेल्या अंतराळवीराचा एका मुलीवर जीव जडतो. ती मेजवानीत वाढली जायची असते आणि त्याचा तिला कोण अभिमान! नायक एका बैलतोंड्या अधिकाऱ्याकडून दुसऱ्याकडे खेपा घालतो. सगळे अदबीनं ऐकून घेतात, समजत कुणालाच नाही. सुटका झाल्यावर नायक यानात बसून तिच्यासाठी ढसाढसा रडतो. रडता रडता स्टेक खातो. डोरेमॉनच्या वडिलांकडून ही अपेक्षा नसते; शांत माणसांना जेवायला बोलावताना जरा जपूनच.

१९९६मध्ये, बासष्टाव्या वर्षी ते घरच्या टेबलाशी कोसळले. हातात पेन्सिल होती, काम डोरेमॉनचंच होतं. २०११मध्ये कावासाकीत त्यांचं संग्रहालय उघडलं. प्रवेश आगाऊ आरक्षणानं, ठरलेल्या तासालाच. नोबिता तर सोडाच, खुद्द फुजिमोतोंना तरी तिकीट वेळेवर काढायला जमलं असतं की नाही, शंकाच आहे.