डावं-उजवं

लाल कडेची पांढरी गोल पाटी, मधोमध डावीकडे वळणारा काळा बाण, आणि त्या बाणावर मारलेली तिरकी लाल रेघ. रशियाच्या वाहतूक नियमांत या पाटीचा क्रमांक आहे 3.18.2. अर्थ बालवाडीतल्या पोरालाही कळावा असा: डावीकडे वळायचं नाही. वळलात तर प्रशासकीय गुन्ह्यांच्या संहितेचं कलम 12.16, भाग दुसरा. 2024 अखेरपर्यंतचा दर 1000 ते 1500 रूबल.

इथवर कुणाचं काही म्हणणं नाही. पण त्याच पाटीपाशी चालकाने डावीकडे फिरवलेलं स्टिअरिंग तसंच फिरवत ठेवलं, गाडी गल्लीत न घालता पुरती उलटी केली आणि आल्या वाटेने निघून गेला, तर? तर काही नाही. तो निर्दोष. कारण 3.18.2 ही पाटी फक्त डावं वळण बंद करते. घूमजाव बंद करायला 3.19 क्रमांकाची वेगळी पाटी आहे, आणि ती डावं वळण बंद करत नाही, फिटंफाट. थोडक्यात, डावीकडे 90 अंश गेलेला माणूस गुन्हेगार आणि 180 अंश गेलेला सज्जन.

मराठी वाचकाने इथे मनातल्या मनात आरसा धरायचा आहे. तिकडे गाड्या रस्त्याच्या उजव्या अंगाने चालतात, त्यामुळे तिकडचं डावं वळण म्हणजे आपलं उजवं: समोरून येणाऱ्या गाड्यांची रांग छेदून जायचं, जिवावरचं. त्यावर कायद्याने डोळे वटारले तर बरोबरच आहे. फक्त घूमजाव करणाराही तीच रांग छेदतो, आणि वर तिच्याच अंगावर जास्त वेळ आडवा पडून राहतो, हे वटारलेल्या डोळ्यांना दिसत नाही.

आता हिशेब मांडायला हवा, कारण दरपत्रक म्हटलं की मराठी मध्यमवर्गाला भागाकार केल्याशिवाय झोप लागत नाही. 1000 रूबल भागिले 90 अंश. अंशाला 11 रूबल 11 कोपेक. कमाल दराने साडेसोळा रूबलच्या थोडं वर. हा भाव 90 पर्यंत ठीक चालतो, पण पुढे काय? एखादी गल्ली तिरकी, 120 अंशांत फुटणारी असेल तर वरच्या 30 अंशांचे पैसे कुणी द्यायचे? 150 अंशांना भाव काय? आणि 180 व्या अंशाला सगळी रक्कम एकदम शून्य होते, ती नेमकी कुठून उतरायला लागते? पोलिसाने 95 व्या अंशावर शिट्टी मारली, तर चालकाने काय करावं? थांबला तर तो डावीकडे वळलेला आहे. त्याच्या बचावाचा एकच मार्ग शिल्लक उरतो, तो म्हणजे पोलिसाकडे न बघता स्टिअरिंग फिरवत राहणं. गुन्हा अर्धवट सोडला तर गुन्हा, पुरता केला तर माफ! फौजदारी शास्त्राला इतकी मोठी देणगी गेल्या कैक वर्षांत कुणी दिली नसेल. ‘साहेब, थांबा, माझं अजून व्हायचंय,’ असं म्हणणारा आरोपी जगाच्या पाठीवर फक्त याच पाटीखाली सापडेल. मराठी वर्तमानपत्रं घूमजाव हा शब्द ज्या जमातीसाठी राखून ठेवतात, त्या जमातीला मात्र हे तत्त्व शिकवावं लागणार नाही. थोडं वळलं की टीका होते, पुरतं उलटं फिरलं की स्वागताला हार येतात, हे तिला रशियन नियमावली न वाचता ठाऊक आहे.

आपल्याकडे याचा धार्मिक दाखलाही आहे. शंकराच्या देवळात पूर्ण प्रदक्षिणा नाही. सोमसूत्रापर्यंत जायचं, ते ओलांडायचं नाही, तिथूनच माघारी फिरायचं. ओलांडलं तर दोष, फिरलं तर पुण्य. फरक एवढाच की देवळात फिरताना मागून ट्रक येत नाही.

न्यायाने सांगायचं तर या नियमाला कारण आहे. पाटी लावणारा चालकाकडे बघत नसतो, गल्लीकडे बघत असतो. गल्ली अरुंद आहे किंवा तिथून आधीच खूप गाड्या शिरताहेत, म्हणून तिच्यात जायला बंदी. घूमजाव करणारा गल्लीत शिरतच नाही, मग त्याला कशाला अडवा? कागदावर हे निर्दोष आहे. प्रत्यक्षात ज्याला त्या गल्लीत जायचंच आहे तो काय करतो? सरळ पुढे जातो, जिथे मोकळीक असेल तिथे उलटा फिरतो, परत येतो आणि उजवीकडे वळून त्याच गल्लीत शिरतो. समोरची रांग छेदायची ती त्याने छेदलीच, फक्त दोन चौक पुढे. पेट्रोल जास्त जाळलं, वेळ जास्त घालवला, गल्लीतली गर्दी होती तेवढीच राहिली. सरळ नाक धरलं असतं तर दंड. डोक्यामागून हात नेऊन धरलं तर कायदा प्रसन्न. द्राविडी प्राणायाम द्राविडांच्या नावावर उगाच खपतो.

डावं-उजवं करू नये, असं आपण पोरांना शिकवतो. संहिता ते उघड उघड करते. उजवीकडे वळायची बंदी मोडली तर त्याच कलमाचा पहिला भाग लागतो: 2024 पर्यंत 500 रूबल, किंवा नुसती ताकीद. डावीकडची बंदी मोडली तर दुप्पट किंवा तिप्पट, आणि ताकिदीची सोय नाही. 1917 ते 1991 अशी 74 वर्षं ज्या भूमीने डावीकडे जायचा जगातला सगळ्यात मोठा प्रयोग केला, त्याच भूमीवर आज डावीकडे जाणं उजवीकडे जाण्यापेक्षा निदान दुप्पट महाग आहे. चुकून वळणाऱ्यालाही सवलत नाही.

रस्त्यावरच्या पांढऱ्या रेघेचीही तीच तऱ्हा. अखंड रेघ ओलांडून पुढच्या गाडीला मागे टाकलं की कलम 12.15, भाग चौथा: 2024 अखेरपर्यंत 5000 रूबल, नाहीतर लायसन चार ते सहा महिने जमा. तीच रेघ ओलांडून उलटं फिरलं की पुन्हा आपलं 12.16, भाग दुसरा, तेव्हा हजार-दीड हजारात काम. रंग तोच, रेघ तीच, चाकं तीच. गाडीचं नाक कुठे होतं त्यावर किंमत. त्यामुळे रेघेवर सापडलेल्या शहाण्या चालकाने गयावया करायची नसते. ‘मी ओव्हरटेक करत नव्हतो हो, मी उलटा फिरत होतो,’ असा कबुलीजबाब द्यायचा असतो. कबुलीने शिक्षा कमी होते ते हे असं. दुहेरी रेघ एकेरीपेक्षा भारी, अशी तिथल्या चालकांची पिढ्यान्‌पिढ्या समजूत आहे. कायद्याला दोन्ही सारख्याच. एका रेघेला न भिणारा दुसरीला भिईल, एवढाच काय तो तिचा उपयोग.

ट्रामच्या रुळांवर तर कहर आहे. सेंट पीटर्सबर्गसारख्या शहरात ट्राम रस्त्याच्या मधोमध धावते. आपल्याच दिशेचे रूळ रस्त्याच्या पातळीत असतील आणि दुसरी काही खूण नसेल, तर डावीकडे वळण्यासाठी त्या रुळांवर जाऊन उभं राहणं सक्तीचं आहे; फक्त ट्रामला अडवायचं नाही. संकोचाने रुळांच्या अलीकडे थांबलात तर योग्य जागा धरली नाही म्हणून कलम 12.14. चार फूट पलीकडे, समोरच्या दिशेच्या रुळांवर गेलात तर लायसन धोक्यात. एका जोडीवर चढलं नाही म्हणून दंड, दुसरीवर चढलं म्हणून दंड.

आणि हे सगळं रेघा दिसतात तेव्हाचं. देशाच्या मोठ्या भागात वर्षातले कित्येक महिने रस्त्यावर बर्फ असतो आणि रेघा त्याच्या खाली. त्याचीही तरतूद नियम 9.1 मध्ये आहे: खुणा नसतील तर रस्त्याची रुंदी, गाड्यांचा आकार आणि त्यांच्यातलं सुरक्षित अंतर लक्षात घेऊन किती पदर आहेत ते चालकांनी स्वतःच ठरवायचं. प्रत्येकाने आपापल्या काचेमागे बसून, न बोलता, आणि सगळ्यांचं उत्तर एकच यायला हवं. आपल्याकडे पाच जणांच्या गृहनिर्माण सोसायटीत पार्किंगच्या रेघांवर एकमत होत नाही.

पोलिसाशी निदान वाद घालता येतो. कॅमेऱ्याशी नाही. इंडिकेटर न देता वळलेल्या चालकाला पोलीस ताकीद देऊन सोडू शकतो, तसं कलम 12.14 मध्येच लिहिलं आहे. कॅमेऱ्याला ताकीद देता येत नाही. त्याने पकडलं की दंडच, मात्र कायद्याप्रमाणे किमान. म्हणजे माणूस दयाळू होऊ शकतो तसा कडकही होऊ शकतो. यंत्र दोन्ही होऊ शकत नाही. 2016 मध्ये मॉस्कोच्या वर्तुळाकार महामार्गावर एका चालकाला कॅमेऱ्याचा दंड आला. त्याची गाडी आपल्या पदरात सरळ चालली होती. रेघ ओलांडली होती ती तिच्या सावलीने. बोभाटा झाल्यावर दंड मागे घेतला गेला, पण मूळ प्रश्न तसाच राहिला: सावलीने रेघ ओलांडताना इंडिकेटर दिला होता का?

इथवर हसून झालं. आता पैशांचं. 2016 पासून 2024 पर्यंत असे बहुतेक दंड 20 दिवसांत भरले की निम्म्यात मिटायचे. गुन्ह्यावर 50 टक्के सूट! साड्यांच्या दुकानापेक्षा बरी. 1 जानेवारी 2025 पासून वाहतूक दंडांची लांबलचक यादी दीडपट झाली, सूट 25 टक्क्यांवर आली आणि मुदत 30 दिवसांची झाली. पुन्हा भागाकार करा. 1000 चा दंड जुन्या सवलतीत 500 ला पडत होता. तो दीडपट होऊन 1500 झाला, तर नव्या सवलतीत 1125 ला पडतो. जाहीर झाली दीडपट वाढ, खिशातून गेली सव्वादोनपट. असली चलाखी किराणा दुकानदाराने केली तर गिऱ्हाईक पिशवी तिथेच टाकून निघून जातं. इथे गिऱ्हाइकाला दुसरं दुकान नाही. साठ दिवसांत पैसे भरले नाहीत, तर रक्कम दुप्पट करायची सोय वेगळी आहेच.

आणि कुणाच्या खिशातून? चार कोटी रूबलच्या गाडीत मागे बसलेल्या शेटजींना हजार रूबल म्हणजे कॉफी आणि केकचे पैसे. त्यांच्यासाठी 3.18.2 ही पाटी म्हणजे मनाई नव्हे, टोलनाका आहे: पैसे टाका, डावीकडे जा. दिवसभर लोकांची जेवणं पोचवणारा, नाहीतर रात्रभर टॅक्सी फिरवणारा माणूस मात्र तेवढ्याच हजारासाठी दिवसाच्या कमाईचा मोठा तुकडा मोडून देतो. शेजारच्या फिनलंडमध्ये गंभीर वाहतूक गुन्ह्यांचा दंड माणसाच्या उत्पन्नावरून ठरतो, म्हणजे हे जमत नाही असं नाही. जमवायचं नाही. अंश मोजायला कायदा आहे, रेघा मोजायला आहे, सावल्या मोजायला कॅमेरे आहेत. पाकीट मोजायची वेळ आली की सगळ्यांना एकदम समता आठवते. पहाटे तीन वाजता रिकाम्या चौकात चुकलेल्या डाव्या वळणाला आणि शाळा सुटताना पोरांच्या अंगावरून घेतलेल्या डाव्या वळणाला हे कलम एकाच रांगेत उभं करतं, किमान आणि कमाल दंडाच्या दरम्यान. आणि दोन्हीकडे कॅमेरा असला तर तेवढाही फरक नको म्हणून दोघांना किमानच. संताप यायला माणसाने आणखी काय वाचायचं?

असो. व्लादिवोस्तोकला जाऊ, तिथे हवा थंड आहे. सोव्हिएत काळ संपल्यापासून त्या बंदरात जपानी जुन्या गाड्यांचे ढीग उतरले, सगळ्या उजव्या स्टिअरिंगच्या, आणि रस्ता तर उजव्याच अंगाने चालणारा. समजा अशा गाडीचा इंडिकेटर जानेवारीत बंद पडला. नियमांत तोड आहे: हाताने खूण करा. डाव्या वळणासाठी डावा हात बाजूला पसरायचा, पण या गाडीत तो शेजारी बसलेल्या बायकोच्या नाकावर जाईल. म्हणून दुसरा पर्याय: उजवा हात खिडकीबाहेर काढून कोपरात काटकोनात वर वाकवायचा. हात जरा जास्त सरळ झाला तर ती ब्रेकची खूण होते, कारण ब्रेकसाठी हात नुसता वर करायचा असतो. खूण केल्याने अग्रहक्क मिळत नाही, हे नियम 8.2 ने आधीच बजावून ठेवलं आहे.

तर काच खाली, वारा आत, बायको गप्प, आणि हात काटकोनात वर करून चालक 3.18.2 च्या पाटीखाली उभा आहे. चौकात पोलीस पावतीपुस्तक काढून तयार आहे, पण त्याला लिहायला सुरुवात करता येत नाही. डाव्या वळणाची खूण आणि घूमजावाची खूण नियमांत एकच आहे. गाडी हलते. तीस अंश. साठ. पोलीस पेनचं टोपण काढतो. नव्वद. चालक अजून वळतोच आहे.