अँजिओ झाली, पॅथी राहिली

मी गोरेगावचा. हे मुंबईत सांगितलं की पुढचा विचारतो, "ईस्ट की वेस्ट?" आमच्या गोरेगावाला ईस्ट आहे, तिकडून सूर्य उगवतो. वेस्टही आहे, तिकडे मावळतो. मध्ये लोकल तेवढी नाही. रायगडात माणगावजवळ आणखी एक गोरेगाव आहे आणि गोंदियात तर अख्खा तालुकाच गोरेगाव. म्हणून आमच्याकडचा माणूस पत्ता एका दमात सांगतो: मुक्काम पोस्ट गोरेगाव, तालुका सेनगाव, जिल्हा हिंगोली. जुनी माणसं अजूनही चुकून परभणी म्हणून जातात, जिल्हा फुटून १९९९ साल मागे पडलं तरी.

हे पुराण लावायचं कारण म्हणजे नाना.

नाना आमच्या गल्लीतले. शुगरवाले. (आपल्याकडे "शुगर आहे" म्हटलं की आजार झाला, "बीपी आहे" म्हटलं की आजार झाला. ज्याला बीपीच नाही त्याला खांदा द्यावा लागतो, पण ते सोडा.) परवा हॉटेलात, म्हणजे चार बाकडी आणि एक शेगडी असते त्या हॉटेलात, नानांनी कॅरीबॅगमधून कागद काढला आणि शेवटच्या ओळीवर बोट ठेवलं. इंग्रजीत लिहिलं होतं: डायबेटिक मायक्रोअँजिओपॅथी.

"समजलं मला," नाना म्हणाले. "अँजिओ सांगितली. पर मोठी नाई, मायक्रो. छोट्यात भागलं. आन् मंग पॅथी चालू करनार. कोन्ती पॅथी ते तेवढं लिहायचं राह्यलं. आयुर्वेदिक असंल तर बरं, गरम पडत नाई."

मी हसणार होतो. पण विचार केला तर नानांचं काहीच चुकलं नव्हतं. अँजिओ म्हणजे काय? गावात कुणालाही विचारा: छातीत दुखलं की नांदेडला नेऊन करतात ती. पॅथी म्हणजे काय? होमिओपॅथी, अ‍ॅलोपॅथी, म्हणजे उपचाराची तऱ्हा. दोन्ही अर्धुकं उपचाराची, तर जोडलेला शब्द रोगाचा कसा असेल? माणूस रोगाचं नाव खिशात घालून, इलाज सुरू झाला या समाधानात घरी येतो. असला सोयीस्कर शब्द वैद्यकाने दुसरा काढला नसेल.

आता भांडी काढू. खरोखरच भांडी. ग्रीक भाषेत 'अँजिऑन' म्हणजे भांडं. मडकं, घागर, कोठी, ज्यात काही ठेवता येतं ते. त्यावरून रक्त वाहून नेणारी नळी, तीही भांडंच. शाळेत वनस्पतिशास्त्रात अँजिओस्पर्म शिकवलं होतं, मराठीत आवृतबीजी. तेही तेच: ज्याचं बी भांड्यात झाकलेलं. आमच्या शिवारातलं सोयाबीन, तूर, कापूस, हळद सगळं अँजिओ. नानांनी उभा जन्म अँजिओच पेरली आहे, फक्त सातबाऱ्यावर तशी नोंद नाही.

म्हणजे "पाव्हण्यांची अँजिओ केली" याचा शब्दशः अर्थ होतो, पाव्हण्यांची भांडी केली. वर गंमत अशी की नुसतं 'अँजिओ' म्हटल्यावर काय केलं ते कळतच नाही. अँजिओग्राफी म्हणजे भांड्याचा फोटो. अँजिओप्लास्टी म्हणजे भांड्याची दुरुस्ती. एकात चोंदलं कुठे ते दिसतं, दुसरीत आत फुगा फुगवून वाट मोकळी करतात. हृदयाच्या बाबतीत हे पहिल्यांदा केलं आंद्रेआस ग्रुंत्सिग या डॉक्टरने, झुरिकमध्ये, १६ सप्टेंबर १९७७ रोजी. त्याआधी फुग्याच्या नळीचे प्रयोग तो घरी स्वयंपाकघराच्या टेबलावर करायचा. भांड्यांचं काम, स्वयंपाकघरात नाही करणार तर कुठे? आमची बाया-माणसं या बाबतीत डॉक्टरांपेक्षा काटेकोर आहेत. त्या विचारतात, "नुसता फोटो काढला का फुगा घातला? जाळ्या किती टाकल्या?" स्टेंटला जाळी म्हणणारा जो कोणी पहिला असेल, त्याला भाषेचं एखादं पारितोषिक द्यायला हवं. समिती नेमली असती तर 'धमनी-आधारक' असं काहीतरी निघालं असतं आणि पेशंट फॉर्म भरतानाच गेला असता.

ग्रीकांचं स्वयंपाकघर इथेच संपत नाही. मोठ्या नळ्यांत चरबी साचते, त्याला अथेरोस्क्लेरोसिस म्हणतात. हा शब्द १९०४ साली फेलिक्स मार्चंड या जर्मन डॉक्टराने घडवला. 'अथेर' म्हणजे काय, तर पेज, लापशी. 'स्क्लेरोसिस' म्हणजे कडक होणं. भांड्याला लापशी लागली, वाळली आणि कडक झाली. हे आमच्या वहिनींना सांगायला अर्धं मिनिट पुरेल, आणि त्या उलट विचारतील, "मग वेळेवर भिजत कामून नाही घातलं?" त्या लोकांनी चुलीजवळचे शब्द उचलले आणि आपण त्यांना कोट-टाय घालून आणलं. आता ते ओळख देत नाहीत.

'पॅथी'चं दुखणं वेगळं. ग्रीकमध्ये 'पॅथॉस' म्हणजे भोग, यातना. हानेमान या जर्मन वैद्याने होमिओपॅथी आणि अ‍ॅलोपॅथी हे दोन्ही शब्द चालू केले. पहिला स्वतःच्या इलाजासाठी, दुसरा विरोधकांना टोमणा म्हणून. गंमत बघा, टोमणा ज्यांना मारला त्यांनी तो पाटीवर रंगवला. तेव्हापासून आपल्याकडे पॅथी म्हणजे उपचार. इकडे मोठ्या दवाखान्यात मात्र शब्दाच्या शेवटी पॅथी आली की समजायचं, बिघाड आहे. नसांचा बिघाड न्यूरोपॅथी, मूत्रपिंडाचा नेफ्रोपॅथी, डोळ्याच्या पडद्याचा रेटिनोपॅथी. शुगर पंधरा-वीस वर्षं मोकाट सोडलेला माणूस तिन्ही घेऊन परत येऊ शकतो आणि पारावर सांगतो, "सगळ्या पॅथ्या चालू हायेत."

मग मराठी करा ना, असं कोणी म्हणेल. केलं. अँजिओपॅथी म्हणजे वाहिनीविकार. आता हा शब्द नानांपुढे ठेवून बघा. वाहिनी म्हणजे टीव्हीची वाहिनी, म्हणजे रोज रात्री नऊ वाजता चार जण एकमेकांवर ओरडतात तो विकार. तो नानांना आहेच. वाहिनी म्हणजे जलवाहिनी, जी रस्ता झाल्यावर मग खोदतात. एका कान्याच्या घसरणीने तर प्रकरण थेट वहिनीपर्यंत जातं आणि घरात बोलायची सोय राहत नाही. बोलीत शीर आहे, नस आहे. पण नस दबते तीही नस, रक्ताची तीही नस आणि दुखरी असते तीही नसच. फारसीत शिरेला रग म्हणतात. निजामाच्या राज्यात तो शब्द आमच्या जिभेवर रुळलेला, पण आमच्याकडे रग म्हणजे जिरवायची गोष्ट. रग चोंदली असं कोणी म्हणत नाही.

एका बाबतीत मात्र ग्रीक, संस्कृत आणि आमचं गोरेगाव यांचं न ठरवता एकमत झालेलं आहे, आणि ते तिघांचंही चुकलेलं आहे. प्रेतात धमन्या रिकाम्या दिसायच्या. म्हणून एरासिस्ट्रॅटस या ग्रीक वैद्याला वाटलं, यांतून रक्त जात नसून वारा वाहतो. 'आर्टरी'चा मूळ शब्द श्वासनळीलाही वापरत. आपल्या चरकसंहितेत 'धमनी'ची फोड 'ध्मान' म्हणजे फुंकण्यावरून केली आहे, लोहाराच्या भात्यासारखी. आणि आमच्याकडे मेंदूची रक्तनळी चोंदून किंवा फुटून माणूस एका अंगाने लुळा पडला की म्हणतात, "अंगावरून वारं गेलं." तीन ठिकाणी तीन वारे. धमन्यांत रक्तच असतं हे गेलेनने दुसऱ्या शतकात दाखवलं, पण आमच्या नळाला अजूनही पाण्याआधी हवा येते, त्यामुळे जुनं मत बदलायची घाई कोणी केलेली नाही. वाऱ्याचा एक तोटा आहे. वारं गेलं म्हटलं की ते बाहेरून आलं आणि गेलं, आपण काय करणार? नळी चोंदली म्हटलं असतं तर कोणीतरी विचारलं असतं, कधीपासून चोंदत होती?

तर नानांच्या कागदावरच्या शब्दाचा अर्थ असा: बारीक भांड्यांचा बिघाड. साखर वर्षानुवर्षं चढी राहिली की केसाहून बारीक नळ्यांचं अस्तर जाड होतं. काही झिरपायला लागतात, काही बंद पडतात. मोठ्या नळ्यांचं झालं तर ते मॅक्रो: हृदय, मेंदू, पाय. मोठ्या नळ्या निदान ओरडतात तरी. बारीक नळ्या मुकाट्याने जातात, आणि जाताना आधी नेमका डोळा, मूत्रपिंड आणि पायाची संवेदना घेऊन जातात.

इथे मला एक जुना कागद आठवतो. नोव्हेंबर २०२३. याच गोरेगावच्या काही शेतकऱ्यांनी मुख्यमंत्र्यांना पत्र लिहिलं होतं. पीक हातचं गेलं, कर्ज फिटत नाही, तेव्हा आमचे अवयव विकायला काढतोय. किडनी, लिव्हर, डोळे, आणि प्रत्येकापुढे भाव. राज्यभर बातमी झाली, कॅमेरे येऊन गेले. जिथे सोयाबीनला भाव ठरवता येत नाही तिथे माणसाने स्वतःच्या डोळ्याला भाव लावला, हे तेव्हाही हसायचं नव्हतं, आज तर मुळीच नाही. पण नानांचा कागद हातात असताना लक्षात आलं की त्या यादीतले दोन नग, किडनी आणि डोळे, हे नेमके मायक्रोअँजिओपॅथीच्या यादीतलेही पहिले नग आहेत. फरक एवढाच की ती भाव विचारत नाही, पत्र लिहीत नाही आणि तिच्यासाठी कॅमेरा येत नाही. आयसीएमआरच्या २०२३च्या पाहणीने देशात १०.१ कोटी लोकांना मधुमेह आहे असं सांगितलं. एवढ्या लोकांचे अवयव फुकटात जायच्या वाटेवर आहेत आणि दुकान कुठे आहे ते कुणाला माहीत नाही.

डॉक्टरांचं म्हणाल तर त्यांनाही हा शब्द सोयीचा. अँजिओपॅथी म्हणजे नळीत काहीतरी बिघडलंय. काय बिघडलं, कशाने, ते शब्द सांगत नाही. म्हाताऱ्या मेंदूच्या नळ्यांत एक प्रकारचं प्रथिन साचतं, तीही अँजिओपॅथी. बारीक नळ्यांत गुठळ्या होऊन तांबड्या पेशी चिरडतात, तीही मायक्रोअँजिओपॅथीच, आणि तिचा नानांच्या शुगरशी काडीचा संबंध नाही. विड्या ओढून पायाची बोटं काळी पडतात, त्यात नळीला दाह असतो म्हणून त्याचं नाव पुन्हा वेगळं, १९०८ साली ज्याने वर्णन केलं त्या बर्गर डॉक्टरच्या नावाचं. (बर्गर म्हटलं की आमची पोरं वेगळीच जागा सांगतात.) थोडक्यात हा शब्द गोरेगावासारखा आहे. तालुका-जिल्हा लावल्याशिवाय पोचत नाही. नानांच्या कागदावर तालुका होता, जिल्हा होता, फक्त लिपी परकी होती.

"डॉक्टरांनी सांगितलं काय तोंडाने?" मी विचारलं.

"काळजी घ्या म्हनले. तेवढ्यात पुढचा नंबर आला."

मग मीच सांगायला बसलो. लघवीत प्रथिन जातंय का ते तपासा, पाय रोज बघा. पाय म्हटल्यावर नानांनी चप्पल काढून दाखवली. टाचेत सोयाबीनचं धसकट घुसलेलं, भोवती वाळलेलं रक्त. नानांनी ते नखाने उपटून बघितलं आणि बाकड्याखाली टाकलं. "हे कधी गेलं?" मी विचारलं. "काय म्हाईत. दुखलं नाई," नाना म्हणाले, थोड्या अभिमानाने. "घट्टे पडलेत आपल्या पायाला."

मी चहा सोडला. म्हटलं, पायाला आजच पट्टी करा, आणि सोमवारी डोळ्यांचं फंडस तपासून घ्या.

"फंड? आमदाराचा का खासदाराचा?"

फंडस म्हणजे डोळ्याचा तळ. काहीही न कापता शरीरातल्या रक्तनळ्या डोळ्यांनी बघता येतील अशी ती खिडकी. हेल्महोल्ट्झने १८५१ साली त्यात डोकावायचं यंत्र जगापुढे आणलं. सोमवारपर्यंत थांबायला हरकत नव्हती, त्याच्या मानाने उशीर काहीच नव्हता.

सोमवारी नाना एकटेच गेले. बाहुल्या मोठ्या करायचं औषध डोळ्यांत घातलेलं, त्यामुळे दुपारी हिंगोलीच्या स्टँडवर त्यांना गाडीची पाटी वाचता येईना. एका पोराला विचारलं, "ही गोरेगावला जाती का रं?" पोराने त्यांना गाडीत बसवून दिलं. मग नानांनी कॅरीबॅगमधून नवा कागद काढून त्याच्याकडूनच वाचून घेतला. बॅकग्राउंड डायबेटिक रेटिनोपॅथी.

संध्याकाळी मला हॉटेलात सापडले. डोळे अजून बारीक करून बघत होते.

"झाली बाबा चालू," म्हणाले.

"काय?"

"पॅथी."