हे चालेल का?

साठ पाहुण्यांचं लग्न सहाशे पाहुण्यांच्या लग्नापेक्षा अवघड. सहाशेंच्या गर्दीत कोण काय नेसलंय हे व्हिडिओवाल्यालाही कळत नाही. साठांत मात्र प्रत्येक जण प्रत्येक फोटोत. भाचीचं लग्न वैशाखात, वाईजवळच्या एका आमराईत, मोजक्या माणसांत करायचं ठरलं. हॉल, बँड, वरात, रिसेप्शन, सगळ्यांवर काट मारून झाल्यावर भाची म्हणाली, "मावशी, आता फक्त ड्रेस कोड राहिला."

राहिला कसला, तिनं तो ठरवूनच ठेवला होता. पेस्टल! 'स्प्रिंग वेडिंग' आहे, मग फिकट गुलाबी, पिस्ता, लव्हेंडर, फार तर लिंबू. तिनं फोनवर चित्रं दाखवली. तलम कपड्यांतली माणसं हिरवळीवर हसत उभी होती, मागं चेरीला बहर आला होता आणि एकाच्याही कपाळावर घाम नव्हता.

पंचांग काढून बघितलं तर पोरीचं काही चुकत नव्हतं. चैत्र-वैशाख म्हणजे वसंतच. फक्त आपल्या वसंतात पारा चाळिशीला टेकतो आणि दुपारी कुत्रंसुद्धा रस्ता ओलांडत नाही. शिवाय आपला वसंत फिकट कधीपासून झाला? फाल्गुनातच पळस पेटतो, पांगारा अंगावर एक पान न ठेवता लालभडक होतो, काटेसावर त्याच्याशी स्पर्धा करते. पुढं बहावा पिवळाजर्द लोंबायला लागतो, गुलमोहराला तर कुणाची भीडच नाही. आणि ताम्हण, आपलं राज्यफूल, भर उन्हाळ्यात जांभळं होऊन उभं. या ऋतूतलं एकही झाड भाचीच्या ड्रेस कोडात बसत नाही. सगळ्यांना फाटकातूनच परत पाठवावं लागेल.

तरी तिच्या हट्टापुढं ताईचं काही चालेना, म्हणून निरोप धाडायचं काम माझ्या गळ्यात पडलं. मी कुटुंबाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर लिहिलं, "कृपया सर्वांनी फिकट रंगाचे कपडे घालावेत." पाच मिनिटं सामसूम. मग पहिला फोटो आला: पलंगावर पसरलेली साडी, कोपऱ्यात काकूंचा पाय, खाली प्रश्न, "हे चालेल का?" साडी आमसुली होती. दुसरी वांगी, तिसरी राणी, चौथी चिंतामणी. "पदर फिकट आहे," अशी एका वहिनींची पुरवणी. एका मामींनी डाळिंबी पैठणी ट्यूबलाइटखाली धरून फोटो काढला आणि "यात जरा उजळ दिसते" असं कळवलं.

मराठी बाईचं कपाट उघडून बघा. पैठणी, इरकल, नारायणपेठ, खणाचे परकर. सगळा गडद, भारदस्त कारभार. आपल्याकडं साडी घेताना रंग 'भरलेला' हवा असतो. फिकट साडी म्हणजे रोज ऑफिसला नेसायची. आक्काआजीचा शेरा तर याहून स्वच्छ होता: "मंगलकार्यात पांढरंफटक कशाला?" तिला पिस्ताही पांढराच, लव्हेंडरही पांढराच.

गंमत पुरुषांची. त्यांना कुणी काही विचारलंच नव्हतं, कारण मराठी पुरुष पिढ्यान्‌पिढ्या पेस्टलच घालत आलाय आणि त्याला त्याचा पत्ता नाही. बदामी झब्बा, मोतिया सफारी, फिकट निळा बारीक रेघांचा शर्ट. थोरले काका त्यांच्या रिटायरमेंटला शिवलेली क्रीम सफारी घालून आरशासमोर उभे राहिले आणि जागतिक फॅशनच्या अगदी मधोमध सापडले. "मला नवीन काही घ्यायला लागणार नाही ना?" एवढंच त्यांनी विचारलं. तेव्हापासून काकू त्यांच्याशी नीट बोलत नाहीत.

कारण बायकांना घ्यायला लागणार होतं. नुसती साडी घेऊन भागत नाही, ही गोष्ट पेस्टलवाल्यांच्या ध्यानात येत नाही. मी आणि काकू फॉल-पिकोवाल्या बाईंकडं गेलो. त्यांनी लव्हेंडर साडीचा काठ गुडघ्यावर घेतला, डब्यातलं एकेक रीळ त्यावर ठेवून बघितलं, चष्मा वर करून उजेडात नेलं, आणि म्हणाल्या, "हा शेड फॉलमध्ये येतच नाही. एक तर जांभळट दिसेल, नाही तर मळका." मग परकर. गडद साडीखाली कुठलाही परकर खपतो; फिकट साडीखाली रंग जुळला नाही तर सगळ्या मांडवाला दिसतो. आणि लग्नसराईत ब्लाउज म्हणाल तर आमचे शिंपी गणपतीनंतरची तारीख द्यायच्या बेतात होते. थोडक्यात, लग्न छोटं करून ताईनं जे वाचवलं ते पाहुण्यांच्या घरांत वाटून खर्च होणार होतं.

पूर्वी लग्नात पोशाखाचे नियम नव्हते असं नाही. चांगलेच होते. विहिणीला कोणती साडी, करवलीला काय, मामाला टोपी-उपरणं, गावाकडं पाहुण्याला टॉवेल-टोपी, हे सगळं ठरलेलं. पण जो ठरवायचा तो ते आहेरात द्यायचा. मानपानात कमीजास्त झालं की रुसवेही व्हायचे, ते सोडा. पण पदरचं घालून दुसऱ्याचा रंग नेसा, असं कुणी म्हणत नव्हतं. थोरल्या काकूंनी हे एका वाक्यात संपवलं: "रंग ती ठरवणार, तर साडी ती देणार का?" पत्रिकेवर 'आहेर आणू नये' असं छापलेलं होतं, 'देऊ नये' असं नव्हतं, हेही त्यांनी दाखवून दिलं.

भाचीचं म्हणणं, नवरी उठून दिसायला हवी. विलायतेत ते खरं असेल. 1840 साली राणी व्हिक्टोरियानं लग्नात पांढरा झगा घातला, तो पायंडा पुढं रुळला आणि पाहुण्यांनी पांढरं घालायचं नाही असा तिकडं दंडक झाला. आपल्याकडं नवरी अष्टपुत्रीत असते. मामानं दिलेली पिवळीधमक साडी, कोपरापर्यंत हिरवा चुडा, कपाळाला मुंडावळ्या. एवढं करून जी उठून दिसत नाही तिला काकूंच्या आमसुली साडीनं काय धोका?

आणि जेवण? पंगतीत आमरस, मठ्ठा, अळूची भाजी, जिलबी. त्याआधी हळद, कुंकवानं माखलेल्या अक्षता, आणि सनईच्या सुरात नेमक्या आपल्याच मानेवर पडणारं अत्तराचं पाणी. पिस्ता रंगाच्या साडीवर आमरसाचा पहिला थेंब पडेल तेव्हा मंगलाष्टकं संपून तासही झालेला नसेल.

बंगळूरहून येणाऱ्या भाचीच्या मैत्रिणींनी मध्येच विचारलं, पेस्टल नसेल तर काळं चालेल का? आक्काआजीनं फोन खाली ठेवला. संक्रांतीला हौसेनं काळी चंद्रकळा नेसणारी आणि गळ्यात काळे मणी घालणारी तीच आजी. पण लग्नात काळं नाही म्हणजे नाही. त्यावर चर्चा होत नाही.

शेवटी ताई, मी आणि भाची पन्ह्याचा तांब्या घेऊन बसलो. मी म्हटलं, रंगाचं सोड, उन्हाचं बघ. भर दुपारी झाडाखाली जरीच्या पैठणीत बसलेली मावशीआजी फोटोत डाळिंबी दिसली काय आणि लव्हेंडर दिसली काय, तिसऱ्या मंगलाष्टकाला तिला घेरी येणार. भाची दोन घोट प्याली आणि म्हणाली, "मग काय लिहायचं?" नवा निरोप असा गेला: "सुती किंवा हलकं रेशीम. रंग तुमचा. भारतीय बैठक आहे, मांडी घालता येईल असं घाला. जमीन मातीची आहे, टाचेच्या चपला रुततील."

तेव्हा वैशाखात छोटं लग्न काढणाऱ्यांना माझं सांगणं इतकंच: पाहुण्यांना कापड सांगा, जागा सांगा, जेवायला काय आहे तेही सांगा; रंगात पडू नका. काळ्याबद्दलही लिहायची गरज नाही, ते खातं आजीकडं असतं. आमच्या ग्रुपवर त्यानंतर एकच फोटो आला, त्याच मामींचा, खाली प्रश्न: "पैठणी सुतीत येते का?"

येते. येवल्याला विचारा.